कालवांच्या किनाऱ्याचं संगीत

बौशर, मस्कत
१४ सप्टेंबर २०२५

प्रिय ब्रिजेट,

तुम्ही सगळे खुशाल असाल. आम्ही बरे आहोत. उकाडा अजून हटत नाही. आमच्या अ‍ॅश्लीची शाळा सुरू झाली. मी मराठीत विचारतो, ती इंग्रजीत उत्तर देते. अल अमेरातचा नॉरबर्ट सुट्टीवर वसईला निघालाय, त्याच्या हाती हे पत्र देतोय. फोनवर आई शेजारी असते. हे वाचताना तू एकटी अस.

माझं काम तुला ठाऊकच आहे. फ्रेंच माहितीपट, मालिका. चित्र तिकडून येतं, पार्श्वसंगीत मी इथे खोलीत बसून करतो. गेल्या महिन्यात एलेन नावाच्या दिग्दर्शिकेची फिल्म आली. फ्रान्सच्या ब्रिटनी किनाऱ्यावर समुद्रातली कालवं वाढवणाऱ्या लोकांची. चित्रण फार सुंदर आहे.

उगाच लांबण लावतोय.

ब्रिजेट, बाविसाव्या मिनिटाला पप्पा आहेत.

केस पांढरे, गुडघ्यापर्यंत बूट. डाव्या हाताची करंगळी तशीच अर्धी. बोटीवरून पडून बेपत्ता झाले असं कंपनीनं कळवलं, त्याला एकोणीस वर्षं झाली. आई अजून रंगीत साडी नेसत नाही. आणि ते तिथे कालवं धुतायत, शेजारी एक बाई, त्यांना मार्सेल म्हणते.

एलेन विचारते, "मायदेशी तुमचं कोण आहे?"

ते फ्रेंचमध्ये सांगतात, "कोणी नाही. सगळे वारले."

मी आवाज बंद केला. पुन्हा लावला. पाच वेळा ऐकलं.

पुढचं सांगायला लाज वाटते. मी उठून कोणाला काहीच सांगितलं नाही. तीन दिवस त्या प्रसंगाला संगीत करत बसलो. नुसती सारंगी ठेवली. एलेनला इतकं आवडलं की ती फोनवर रडली. तेव्हा कुठे मी तिच्याकडे पप्पांचा नंबर मागितला.

शुक्रवारी चर्चमधून, मिसाहून येऊन फोन लावला. उचलला. मी म्हटलं, "पप्पा, मी ऑलविन."

ते म्हणाले, "चुकीचा नंबर लागलाय."

मराठीत म्हणाले, ब्रिजेट. आपल्या मराठीत.

नंतर फोन लागत नाही. आईला सांगायचं की नाही, मला ठरवता येत नाही. तू तिच्याजवळ आहेस, तिला बघतेस, तू ठरव. मला राग येत नाही अजून, रडूही नाही. जेवतो, गाडी चालवतो, आणि मध्येच सिग्नलला थांबून राहतो, मागचे हॉर्न वाजवतात.

फिल्म नोव्हेंबरात तिकडच्या टीव्हीवर लागेल. शेवटच्या नावांच्या पाटीत मी नेहमी नुसतं "ऑलविन जी." लिहायला सांगतो. या वेळी एलेनला पूर्ण नाव कळवलंय, पप्पांच्या नावासकट. त्या घरात टीव्ही असेलच.

तुझा भाऊ,
ऑलविन इनास घोन्साल्विस