मंगळवारचा मेकॅनिक

ता. ३ जून

ती. दादास,
सा. न. वि. वि.

फोनवर तुझ्या लाँड्रीतल्या यंत्रांचा खडखडाटच जास्त ऐकू येतो, म्हणून पत्र लिहिते आहे. इस्त्रीने भाजलेला वहिनीचा हात बरा झाला का? आणि आमच्या कंपनीचं धुलाईयंत्र नीट चालतंय ना? मी सांगितलं म्हणून तू ते घेतलंस, त्यामुळे मला सारखी धाकधूक असते.

इथे नवंच प्रकरण सुरू झालंय. आमच्या तक्रार विभागाला रोज दुपारी इंग्रजी पत्रव्यवहाराचा वर्ग असतो. त्यात पास होईल तोच नोकरीत कायम होणार. मी पहिल्याच दिवशी आपटले. सरावासाठी एका ग्राहकाला उत्तर द्यायचं होतं. मी लिहिलं, यंत्र बिघडल्याचं कळलं, चूक आमची आहे, मेकॅनिक मंगळवारी येईल. भाषेची एकही चूक नव्हती, मी तीनदा तपासलं होतं. पण वर्गाच्या बाईंनी कपाळाला हात लावला. म्हणाल्या, अगं, तू तर सगळं सांगूनच टाकलंस! चूक म्हणायचं नाही, अनुभव म्हणायचं. आणि वार कधीही सांगायचा नाही, कारण सांगितलेला वार पाळावा लागतो.

मी जीव तोडून सराव करते आहे. काल खोलीतल्या मैत्रिणीने साखर संपली का विचारलं, तर मी तिचे मनापासून आभार मानले आणि तिचा प्रश्न आमच्यासाठी मोलाचा असल्याचं सांगितलं. ती चहा न पिताच निघून गेली.

तुझ्या डोक्याला आणखी एक ताप दिला, तरी लोभात काटछाट करू नकोस.

तुझी,
धाकटी

ता. १० जून

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वहिनीने मोठ्याने वाचून दाखवलं. वाचून झाल्यावर म्हणाली, पोरीला वर्ग कशाला हवा, तुमच्या गल्ल्यावर बसवा. पडदे कधी मिळतील असं गिऱ्हाइकाने विचारलं की तुम्ही इतकी वर्षं हेच तर करताय. मी म्हटलं, मी निदान हसून करतो.

तिचा हात बरा आहे, जीभ तर त्याहून बरी आहे. यंत्र जरा कुरकुरतं, पण त्याच्याच जोरावर हॉस्पिटलच्या चादरींचं काम मिळालंय. आता दुकानाचं सगळं त्यावरच चालतं, तेव्हा कुरकुर ऐकून घेतो.

आपल्या घरात कॉलेजचं तोंड बघितलेली तू पहिली. बाई सांगतील तसं मुकाट्याने लिही आणि आधी कायम हो. डोकं मग चालव, ते कुठे पळून जात नाही.

जेवणाची आबाळ करू नकोस. आमचा जीव तुझ्यापाशीच आहे.

तुझा,
दादा

ता. २४ जून

ती. दादास,
सा. न. वि. वि.

पास झाले! नुसती पास नाही, वर्गात पहिली आले. दुरुस्तीला उशीर होतोय अशी तक्रार आली तर काय कळवायचं, याचा नमुना मी लिहिला. बाईंनी तो उभ्याने वाचून दाखवला आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आता तसल्या प्रत्येक तक्रारीला तेच पत्र जातं. नावं कॉम्प्युटर घालतो, मला दिसतही नाहीत. साहेब म्हणाले, पुढच्या महिन्यात कायम झाल्याचा कागद हातात देतो.

एकच गोष्ट मनाला टोचते. मी बाईंना हळूच विचारलं, की त्या पत्रात मेकॅनिक येणार की नाही ते कुठेच आलेलं नाही. बाईंनी माझी पाठ थोपटली. म्हणाल्या, हेच तर जमत नाही इतरांना.

वहिनीला नमस्कार. हुशार झाले म्हणून परकी करू नका.

तुझी,
धाकटी

ता. ५ जुलै

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

पहिली आलीस हे ऐकून सगळ्या गल्लीला पेढे वाटावेसे वाटले, पण इथे वेगळीच पंचाईत झाली आहे. तुला सांगणार नव्हतो. यंत्र बंद पडलंय, तेही हॉस्पिटलच्या चादरी पोटात घेऊन. दार उघडत नाही. आत पाणी तसंच आहे आणि वास सुटलाय. मी कंपनीला तक्रार केली, पण तुझं नाव घेतलं नाही. बहिणीच्या वशिल्याने काम करून घेतो असं कुणी म्हणायला नको, त्यातून तू अजून कायम व्हायचीस.

लगेच उत्तर आलं. काय झकास इंग्रजी! औषधाच्या दुकानदाराने वाचलं आणि म्हणाला, अभिनंदन, माणूस निघालाय. हॉस्पिटलचा कारकून म्हणाला, छे, त्यांनी साफ हात वर केलेत. वहिनीचं म्हणणं, ते लोक आपले आभार मानताहेत, म्हणजे यंत्र आपणच दुरुस्त केलं असा त्यांचा समज झालेला दिसतो. मी रोज दारात उभा राहून वाट बघतो. हॉस्पिटलच्या मोठ्या सिस्टरबाईंनी बजावलंय, सोमवारपर्यंत चादरी आल्या नाहीत तर काम दुसऱ्याला देणार.

पण ते पत्र लिहिणारा माणूस नक्की मोठा असणार. तुमच्याच विभागातला असेल तर त्याला माझा नमस्कार सांग आणि त्याच्या हाताखाली शीक. मात्र आमच्यासाठी शब्द टाकू नकोस. तुझी नोकरी आधी.

काळजी करू नकोस असं लिहिलं तरी तू करणारच. माया आहेच.

तुझा,
दादा

ता. ८ जुलै

ती. दादास,
सा. न. वि. वि.

हे पत्र पोचण्याआधी मेकॅनिक येऊन दार उघडून गेलेला असेल. चादरी पुन्हा धुऊन सोमवारी सकाळी पोचत्या कर. तुझ्यासाठी शब्द टाकलेला नाही, ते आधी सांगते.

तुझं पत्र वाचून मी खाली दुरुस्ती विभागात गेले. मेकॅनिक पत्ते खेळत बसले होते. मी म्हटलं, इतक्या तक्रारी पडल्या असताना तुम्ही बसलात कसे? ते म्हणाले, ताई, तक्रारी आहेत कुठे? वरून पत्र गेलं की तक्रार मिटली असं धरतात, मग ती खाली येतच नाही. एकाने तर वरच्या माणसाचे आभार मानले, की त्याच्या पत्रापासून डाव मोडावा लागलेला नाही.

तुझ्या एकट्याचं काम करणं बरं दिसलं नसतं. म्हणून मेकॅनिकांकडून वार ठरवून घेतले आणि ज्यांना ज्यांना ते पत्र गेलं होतं, त्या सगळ्यांना मी दुसरं पाठवलं. यंत्र बिघडलंय, चूक आमची, माणूस अमुक वारी येईल, खाली माझी सही. मिटलेल्या सगळ्या तक्रारी पुन्हा उघड्या झाल्या. साहेबांनी कायमचा कागद माझ्यासमोर खणात परत ठेवला. मला वर्गात पुन्हा पहिल्या दिवसापासून बसवलंय. पत्र कसं लिहू नये, हे दाखवायला बाईंनी माझं दुसरं पत्र सर्वांना वाचून दाखवलं. मागच्या बाकावरच्यालाही ते एका वाचनात कळलं, म्हणून त्या फार नाराज होत्या.

आणि दादा, पहिलं पत्र लिहिणाऱ्याला तुझा नमस्कार पोचवला. ते माणूस माझ्याच खुर्चीत बसतं. त्याच्या हाताखाली शिकायला मात्र सांगू नकोस.

हे कळल्यावरही पूर्वीइतकाच लोभ राहील का, ते स्पष्ट कळव.

तुझी,
धाकटी