पडद्यावरच्या गड्याचं वाक्य

बाबा, तुम्हाला जाऊन पंधरा वर्षं झाली, आणि मी आज तुमच्यावर भयंकर चिडलोय. कॉलनीच्या हॉलमध्ये तुम्ही प्रोजेक्टर लावायचात. जुन्या अमेरिकन मुक्या फिल्म, दहा-दहा मिनिटांच्या. मुलीवर भाळलेला बावळट गडी फुलं घेऊन येतो, कुंपणात त्याची पँट अडकते, मुलीचा बाप लाथ घालतो, केक नेमका तोंडावर बसतो. आणि तुम्ही शेजारी उभे राहून त्याचे संवाद मराठीत म्हणताय, "अगं, तुझ्याशिवाय मला चहासुद्धा गोड लागत नाही!" हॉल हसून लोळतोय. आई शेवटच्या खुर्चीवर, पदर तोंडाला लावून. घरी आल्यावर मात्र तुम्ही तिला "वाढ" एवढंच म्हणायचात.

परवा इथे जर्मनीत, स्टुटगार्टमध्ये तसल्याच फिल्म पियानोच्या साथीवर दाखवल्या. बायको मुलीला घेऊन कायमची पुण्याला निघाली होती. "नऊ वर्षं तू माझ्याशी फक्त कामापुरतं बोललास," म्हणाली. खोटं कुठे होतं त्यात? तरी शेवटचं म्हणून दोघी आल्या. अंधारात मी तुमच्यासारखी बडबड सुरू केली. ती हसली, बाबा! कितीतरी महिन्यांनी. मुलगी तर "नोखमाल, बाबा, नोखमाल!" म्हणजे "परत एकदा!" म्हणत पुन्हा पुन्हा माझी बाही ओढत होती. मग पडद्यावरची मुलगी मोटारीत बसून निघाली. गडी मागे धावतोय, धडपडतोय, आणि मी त्याच्या तोंडी घातलं, "अगं, जाऊ नकोस ना." बायकोचं हसू थांबलं. तिने माझ्याकडे पाहिलं.

"हे कोण म्हणालं?"

"तो," मी पडद्याकडे बोट दाखवलं.

ती पुन्हा पडद्याकडे वळली. परतताना एस-बान लोकलमध्ये खिडकीकडे तोंड करून बसली. काल त्यांना विमानतळावर सोडलं. तिथेही मला सुचलं काय, तर "पासपोर्ट घेतलेस ना?" ती थोडा वेळ थांबली होती, अजून काही येतंय का म्हणून. मी ट्रॉलीवरच्या बॅगा सारख्या करत राहिलो. हे कामापुरतं बोलणं तुमच्याकडूनच आलंय, असं तुम्हाला ठणकावून सांगायला बसलो होतो. पुण्याला फोन करायला आणलेलं कॉलिंग कार्ड समोर पडलंय, त्यावरचा नंबर अजून खरवडलेला नाही. आणि खरं सांगू? हे पत्र तिला लिहायला घेतलं होतं. वर तिचं नाव लिहिलं, मग ते खोडून "बाबा" लिहिलं.