सवतीची ओटी

२८ नोव्हेंबर, गुरुवार
नातीने, श्रद्धाने, मोबाईलमध्ये सोय करून दिलीय. बटण दाबायचं, बोलायचं, तो लिहितो. मला वाचता येत नाही, म्हणजे माझी रोजनिशी माझ्यापासूनही सेफ.

बातमी: सवत रिटायर झाली. सवत म्हणजे ह्यांचं इंजिन. डब्ल्यूकॅम-थ्री जातीचं, कल्याणच्या शेडमधलं. हे ड्रायव्हर होते तेव्हा माझं नाव कधी तोंडातून निघालं नाही, तिचा नंबर मात्र झोपेत घ्यायचे. शेडमधल्या जनूचा फोन आला. म्हणे बाजूच्या लाइनीवर उभी करून ठेवलीय, कंडेम झाली, भंगारवाला कधीही नेईल. हे म्हणाले, एकदा बघून येऊ. डोळ्यात मोतीबिंदू, म्हणजे न्यायचं मीच. निश्चय: न्यायचं नाही. मला आनंद झालाय. बाकी काही नाही.

३० नोव्हेंबर, शनिवार
विचारलं, का काढलं तिला? म्हणाले, मुंबईकडे डीसी करंट होता, घाटापलीकडे एसी. ती दोन्हींवर चालायची. आता सगळीकडे एसीच, मग तिचं काय काम. म्हटलं, मीपण सासर-माहेर दोन्ही करंटवर चालले, मला कुठे कंडेम केलं? म्हणाले, भंगारवाला भाव देत नाही. जेवायला वाढलं नाही. नंतर वाढलं, भाजी वाया गेली असती.

१ डिसेंबर, रविवार
हे बूट पुसून तयार. म्हटलं, अमावस्या आहे. बूट काढले. विसरतील लवकर.

४ डिसेंबर, बुधवार
उल्हासनगरला उशांचे अभ्रे आणायला गेले. हरेशशेठच्या दुकानात निळा खण दिसला, बरोबर तिच्या रंगाचा. शेठने विचारलं, अम्मा, किसकी शादी है? म्हटलं, शादी नाही, बिदाई. स्वस्त होता म्हणून घेतला. अभ्रे राहिले.

५ डिसेंबर, गुरुवार
पुन्हा बूट. मार्गशीर्षातला गुरुवार, घट मांडलाय, घर सोडून कशी जाऊ? बूट काढले.

७ डिसेंबर, शनिवार
चंपाषष्ठी. भरीत केलं. ह्यांनी दुसऱ्यांदा मागितलं नाही. आठवडाभर असंच चाललंय, ताटात चिवडतात. विचारतात, थांबेल ना ती? म्हटलं, बिनकरंटाची पळतेय कुठे.
शेजारच्या बनूबाईला वाटतं मी अजून जळते. मी? लोखंडावर? तिला भरीत दिलं नाही.

८ डिसेंबर, रविवार
गुडघा दुखला. खरंच दुखला.

१० डिसेंबर, मंगळवार
नेलं एकदाचं, पुतण्याच्या, मधूच्या, टेम्पोतून. पिशवीत वर ह्यांच्या गोळ्या आणि पाणी. खाली खण, नारळ, हळकुंड, बारवीकडच्या भावाच्या शेतातले तांदूळ. घरातून निघालेल्या बाईची ओटी भरतात, सवत असली तरी. नियम तो नियम. तिला काय बोलायचं तेही ठरवलं होतं: बाई, तू माझा माणूस नेलास, पण दरवेळी परत आणून सोडलास.

जनू गेटवरच. ह्यांना म्हणाला, अरे महिपती, रविवारी नेली की. फोन करून बोलावलं तर तू येतोस आज.

रविवारी माझा गुडघा दुखत होता. त्यात माझा काय दोष.

तरी आत जाऊन लाइन बघितली. रिकामी. रुळांमध्ये तेलाचा काळा डाग, बाजूला एक कुत्रं झोपलेलं. म्हटलं, आता हे कोसळणार. पाण्याची बाटली उघडून धरली. हे बघत राहिले, मग म्हणाले, जाऊ दे, लोखंडच ते. जनू, वडा कुठे चांगला मिळतो रे?
दोन खाल्ले. वर चहा. बाटलीतलं पाणी मीच प्यायले.

११ डिसेंबर, बुधवार
हे मजेत. बूट माळ्यावर टाकायला सांगितले. सकाळी तीन भाकऱ्या.
मी जेवले नाही. ॲसिडिटी. खण ट्रंकेत ठेवला. सुनेने चटणीला नारळ मागितला, तिच्यावर ओरडले. मग दिला.
दुपारी हे झोपले तेव्हा जवळ बसले होते, नंबर घेतात का ऐकायला. नाही घेतला. घोरले फक्त. शेवटी मीच हळूच म्हणून पाहिला. अक्षर येत नाही, पण नंबर पाठ आहे.
हे जागे झाले. विचारलं, गॅसचा नंबर लावतेस का?