पाहुण्यांपुढे मेव्हिस

टिप्टन,
५ फेब्रुवारी २०१८

चि. केरीस,
अ. उ. आ.

पत्रच लिहीत जा, फोन नको. प्रेसशेजारी चाळीस वर्षं उभं राहून कान गेले ते गेले, आणि तुझी आई मध्ये दुभाषी झाली की मला तुझं म्हणणं सोडून तिचंच मत ऐकू येतं.

आज डोकं फिरलंय. काल टीव्हीवर एक सुटाबुटातले गृहस्थ सांगत होते की जर्मन माणूस चार दिवसांत जे उरकतो त्याला आपल्या इंग्लंडातल्या माणसाला पाच दिवस लागतात, आणि असं का होतं हे म्हणे मोठं गूढ आहे. म्हणजे आम्ही आळशी! मी कप असा आपटला की बशी गेली. तुझा जन्म झाला तो दिवस सोडला तर मी एक शिफ्ट बुडवलेली नाही, आणि तीही अर्धीच बुडवली होती असं आई आत्ता स्वयंपाकघरातून ओरडून सांगते आहे.

कारखान्यात तीच तऱ्हा. हॅडनसाहेबांनी भिंतीवर रंगीत कागद डकवलाय की डोकं वापरा, वेग वाढवा. डकवलाय कुठे, तर मेव्हिसच्या बरोबर वर! मेव्हिस आठवते ना? आमची पत्रा दाबून बिजागऱ्या काढणारी तीन नंबरची प्रेस, १९६८ सालची, जिला तू लहानपणी वाढदिवसाचं कार्ड दिलं होतंस. आता तिचा क्लच घसरतो, तेल गळतं म्हणून खाली बिस्किटांचा रिकामा डबा ठेवलाय. दाराच्या बिजागऱ्या थांबवून खिडकीच्या काढायच्या तर डायचा जड साचा बदलायला मला आणि नसरीनला पहारी घेऊन साडेचार तास झटावं लागतं. आणि म्हणे वेग वाढवा.

एक आशा आहे. १६ मार्चला लंडनचे भागीदार येताहेत. मेव्हिसच्याने आता होत नाही हे त्यांना पटलं तर नवी प्रेस घेणार. ती नसरीन चालवेल, तसा मी तिला शब्द दिलाय. सात वर्षं माझ्या हाताखाली शिकली पोरगी, हात माझ्याहून हलका आहे. नवी आली नाही तर बिजागऱ्यांचं काम दुसरीकडे जाईल, गिऱ्हाइकाने तसं बजावूनच ठेवलंय.

प्रेम आहेच, ते पत्रातून येऊ दे.
कान वगळता धडधाकट असलेला,
बाबा

रॉयटलिंगेन,
१९ फेब्रुवारी २०१८

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

बशीबद्दल आईने मला निराळं पत्र लिहिलंय, तेव्हा ते प्रकरण मिटलं असं समजू नका.

टीव्हीवरच्या त्या गृहस्थांना एकदा इथे जर्मनीत, आमच्या कारखान्यात पाठवा. इथे तुमच्याहून झपाट्याने काम करणारा कोणी नाही. माझ्या शेजारचा डीटर रोज सकाळी सफरचंद सोलतो. मी घड्याळ लावून पाहिलं, सात मिनिटं! साडेतीनला सगळे सायकलींवर. पहिल्या आठवड्यात मी इंग्रजी मेहनत दाखवायला सहापर्यंत थांबले, तर मुख्य बाई काळजीने विचारायला आल्या की तुला कुठलं काम जमत नाहीये का.

पण बाबा, डाय बदलायला इथे अकरा मिनिटं लागतात. चाकांच्या गाडीवरून डाय सरकत येते, एक माणूस बटण दाबतो, दुसऱ्या हातातली कॉफीसुद्धा खाली ठेवत नाही. तुम्ही दोघं घामाघूम होता त्या साडेचार तासांत एकही बिजागरी निघत नाही. गूढ ते एवढंच. तुम्ही आळशी नाही, पन्नास वर्षं कोणी नवी प्रेस घेतली नाही. हॅडनसाहेबांची बोट मात्र दर चार वर्षांनी नवी होते ना हो?

आता हात जोडून मागते. १६ मार्चला मेव्हिसला हात लावू नका. गळू दे, घसरू दे, अडू दे. मी तुम्हाला ओळखून आहे. आत्या दोन तासांसाठी येणार म्हणून तुम्ही अख्खं फाटक रंगवलं होतंत आणि तिचा कोट हिरवा झाला होता.

माया आहे तशीच ठेवा, हात मात्र खिशात ठेवा.
तुमची,
केरी

टिप्टन,
१८ मार्च २०१८

चि. केरीस,
अ. आ.

आईने कळवलंच असेल. गेल्या रविवारी, ऐन आपल्या इंग्लिश मदर्स डेला, मी कारखान्यात गेलो. शपथेवर सांगतो, नुसती पुसायला गेलो होतो. माणसं लांबून येणार, आणि मेव्हिस तेलाने माखलेली! पुसता पुसता एक बोल्ट ढिला लागला. तो आवळला. मग क्लच उघडला. जुन्या लॉरीच्या ब्रेकचं लायनर माझ्याकडे पडून होतं, ते कापून बसवलं. घरी आलो तेव्हा आई जेवून घेऊन भांडी आपटत होती.

शुक्रवारी मेव्हिस तीन तास चालली. एकदा अडली नाही, तेलाचा थेंब नाही. एक बाई तिच्यावर हात ठेवून म्हणाल्या की अशी यंत्रं आता कुठे मिळतात. हॅडनसाहेबांनी माझ्या खांद्यावर हात टाकला आणि सगळ्यांना सांगितलं की क्लिफसारखी माणसं आहेत तोवर नव्या प्रेसची गरजच काय. टाळ्या पडल्या. आणि मी, केरी, लाजून हसलो. चक्क हसलो!

नसरीनने टाळी वाजवली नाही. ती बिस्किटांच्या कोरड्या डब्याकडे बघत होती. सुटताना तिने एवढंच विचारलं की का केलंत. मी म्हटलं, पाहुणे येणार होते. तिने कोट घातला आणि गेली.

राग कुणावर काढू तेवढं सांग. टीव्हीतला माणूस आता पुरत नाही.
अभागी,
बाबा

रॉयटलिंगेन,
२६ मार्च २०१८

ती. बाबांस,
सा. न.

पत्र वाचून मी डीटरच्या टेबलावर मूठ आपटली, सफरचंद खाली पडलं. तुमच्यावर चिडले, खोटं कशाला बोलू. नसरीनची माफी मागा, आणि उगीच सबबी सांगू नका.

पण त्या साहेबाचा संताप जास्त येतो. तुम्ही एक रविवार फुकट दिलात आणि त्याने त्यात पुढची दहा वर्षं भागवायचं ठरवलं. जी माणसं मोडकं यंत्र ओढून नेतात त्यांच्याच पाठी थोपटायच्या, आणि मग उत्पादन कमी का म्हणून डोकं खाजवायचं! हे टीव्हीवर का सांगत नाहीत?

तरीही तुमचीच,
केरी

टिप्टन,
१९ नोव्हेंबर २०१८

चि. केरीस,
अ. उ. आ.

बिजागऱ्यांचं काम स्लोव्हाकियाला गेलं. २५ सप्टेंबरला, मंगळवारी, दुपारी दोन वाजता मेव्हिस बंद केली. आमचा विभागच मिटला.

नसरीन आता पार्सलांच्या गोदामात आहे. मनगटाला यंत्र बांधलंय, जरा थांबली की ते ओरडतं. डोळ्यांनी केसभराचा फरक ओळखणारी मुलगी खोक्यांना चिकटपट्टी लावते! माफी मी मागितली. ती म्हणाली की आता राहू द्या, आणि मला चहा पाजला. ते जास्त लागलं.

मेव्हिस संग्रहालयाने नेली. दर शनिवारी येऊन ती मुलांना चालवून दाखवाल का, असं त्यांनी मला विचारलं. परवा पहिल्यांदा गेलो, नसरीनलाही नेलं. मेव्हिसला हिरवा रंग दिलाय, पुढे पाटी आहे की अशी यंत्रं सुमारे १९८० पर्यंत वापरात होती. नसरीनने पाटी दोनदा वाचली, पिशवीतून पेन काढलं, १९८० खोडलं आणि लिहिलं, २५ सप्टेंबर २०१८, दुपारी दोन. तिथल्या बाई धावत आल्या, हे कोणी केलं म्हणून. मी म्हटलं, मी केलं, आणि ते खरं आहे.

मग मी कळ दाबली. चौथ्या ठोक्याला मेव्हिस अडली. क्लच. चाळीस मुलं, त्यांच्या बाई, संग्रहालयाचे साहेब, सगळे माझ्याकडे बघायला लागले. पाना माझ्या खिशात होता.

मी हात खिशातच ठेवले, केरी. आठ महिने उशिरा.

लोभ असू दे, मी त्याला पात्र असलो नसलो तरी.
बाबा