उशाखालचा वारसा

सोमवार, ३ जून
रविवारी आई कायमची सेमारांगला जातेय, माझ्या धाकट्या बहिणीकडे, निंग्सिहकडे. मग हे सोलो शहरातलं घर नव्या मालकाचं. तिकडे आईला एक खोली, खोलीत एक कपाट. बाबांच्या मागे राहिलेल्या वस्तू-कागदांतलं त्यात काय जाईल, हे मी ठरवणार. थोरला आहे; शिवाय निर्णयशक्ती! आई म्हणाली, नीट बघ रे, टाकलेलं परत मिळायचं नाही. म्हटलं, निश्चिंत राहा.
उद्या दुपारपर्यंत संपवणे.

मंगळवार, सकाळी
संपेलच, कारण पद्धत सापडली. क्रिस, म्हणजे घराण्याचा नागमोडी खंजीर, उशाखाली घेऊन झोपलं की तो आपल्याला मानवतो का, हे स्वप्नात कळतं. आमच्याकडे शेंबडं पोरही हे जाणतं. मग बाकीच्या वस्तूंनी काय घोडं मारलंय? स्वप्न चांगलं तर कपाटात, वाईट तर भंगारात. भावनेला थारा नाही.
काल बाबांचा क्रिस घेतला. स्वप्नात काडीवर भाजलेले बकऱ्याचे साते खाल्ले. म्हणजे वारस मीच. बायको रुमियाती म्हणाली, अहो, रात्री रुसून जेवला नव्हतात.

बुधवार
बाबांचा बाटिकचा तांब्याचा ठसा. स्वप्न नाही. झोपेत उशी सरकली, गालावर वेलबुट्टी उठली. बायको म्हणे, रंग भरू का?

गुरुवार
कागदांचे गठ्ठे. एकेक वाचत बसणं अशास्त्रीय. दोन गठ्ठे एकदम घेतले. गाढ झोप, निष्कर्ष शून्य. वेग वाढवायला दुपारचीही झोप सुरू. हा आळस नव्हे, ओव्हरटाइम.

शुक्रवार
मिरच्या वाटायचा दगडी खल. मान वळत नाही.
निंग्सिह आली. म्हणाली, दादा, आईच्या डोळ्याला डोळा नाही, काही ठरवलंस का? म्हटलं, तिला सांग, मी रात्रंदिवस त्याच कामात आहे. म्हणाली, हो, घोरणं गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू येतं.

शनिवार
अजून तीन खोल्या बाकी. आज ठोक परीक्षा: मावेल तेवढं सगळं गादीखाली.

रविवार, दुपारी
उठलो तर घर घुमतंय. टेम्पो कधीच गेला.
रुमियाती सांगत होती, रात्रभर आई आणि निंग्सिहने एकेक कागद उलगडला. वाचलं, हसल्या, रडल्या, बांधलं. गादीखालचं काढायला मला आधी या कुशीवर लोटलं, मग त्या. मी हूं की चूं केलं नाही. क्रिससुद्धा निंग्सिहच घेऊन गेली.
तिला फोन लावला. म्हटलं, तुला कसला कौल मिळाला? स्वप्न तरी पडलं का? म्हणाली, दादा, आठवडाभर मी झोपलेच कुठे?
मग आईने फोन घेतला. म्हणाली, मला वाटलं होतं, तू एकेक वस्तू घेऊन माझ्याजवळ बसशील, विचारशील ही कुठली, ती कुणाची. जाऊ दे. निघताना हाक मारणार होते, पण इतका शांत झोपला होतास.
मी म्हटलं, शांत कसला, गादीखालचं रात्रभर टोचत होतं.
खरं तर काही टोचलं नव्हतं.