डहाळीच्या पुढे

१२ एप्रिल १९७१, येम्टलंड

बेचाळिसावा चित्रपट! एकेचाळीस दुसऱ्यांचे टिपले, हा माझा, दिग्दर्शनही माझंच. खुनाचे, फार्स, लहान मुलांचे, मार्गारिनच्या जाहिराती. एल्क हरणांच्या माहितीपटासाठी तर तीन दिवस झाडावर बसलो होतो! एकाही चित्रात बोट ठेवायला जागा नाही. हे इथेच लिहितो. चारचौघांत अशी फुशारकी मारली, तर या गावात कुणी कॉफीलाही बोलावणार नाही.

निर्माते माझ्याबद्दल म्हणाले होते, "सिक्स्टन कॅमेरामन आहे हो. चित्रं देखणी काढेल. माणसांचं काय?" दाखवतोच!

१५ एप्रिल

यल्मार आला. बावीस वर्षांची जोडी — कॅमेऱ्याला डोळा मी लावायचा, शेजारी उभं राहून फोकस त्याने सांभाळायचा. एकदाही चुकलेला नाही. बोलतो मात्र मोजून.

१९ एप्रिल

आज मोठा शॉट. सिग्रिडबाई विधवेच्या भूमिकेत, नवऱ्याचा मासे धरायचा गळ घेऊन गोठलेल्या तळ्यावरून येतात. बर्फात खुणेला स्प्रूसच्या झाडाची डहाळी रोवली होती. तिथे थांबायचं; फोकसही तिथपर्यंतच मोजलेला.

त्या थांबल्याच नाहीत! चालतच राहिल्या, थेट माझ्याकडे, ओठ थरथरत. चाळीस वर्षांत पहिल्यांदा कॅमेऱ्यामागे रडलो. सगळं धूसर दिसत होतं.

पुन्हा घेतला. या वेळी थांबल्या. ठीक.

२७ एप्रिल

संकलनाच्या टेबलावरून गुनव्होरचा फोन. "पहिला बाद. डहाळीनंतर बाईंचा चेहरा पुसट आहे."

म्हणजे नुसतं डोळ्यांतलं पाणी नव्हतं.

यल्मार बूट काढून दारातच उभा राहिला. त्याला कळलं होतं. मी त्याला काही विचारलं नाही.

"दुसरा लाव ना," गुनव्होर पुन्हा म्हणाली. "लख्ख आहे."

लख्ख आहे, पण त्यात जीव नाही. पहिला लावला, तर धंद्यातली सगळी मंडळी म्हणणार, सिक्स्टनची नजर गेली! चाळीस वर्षांची अब्रू एका पुसट चेहऱ्यापायी!

६ मे

रात्रीत तळ्यावरचा बर्फ फुटला. आता पुन्हा घेता यायचं नाही.

गुनव्होरला कळवलं, पहिलाच लाव. कुणी विचारलं, तर चूक सिक्स्टनची म्हणून सांग. यल्मारचं नाव काढायचं नाही. फोन ठेवल्यावर ऊर भरून आला. अब्रू गेली, तरी दिग्दर्शक झालो!

१४ सप्टेंबर, स्टॉकहोम

काल पहिला खेळ. नंतर तेच निर्माते हात सोडेनात. "चेहरा पुसट करायचं धाडस कसं केलंत?"

"धाडस कसलं? चुकलो मी."

"बघा, किती नम्र!"

तिघांना खरं सांगितलं, तिघांनीही ते विनयात जमा केलं! चौथ्याला सांगायचं सोडून दिलं. आणि खोटं कशाला बोलू, मजा आली.

१५ सप्टेंबर

यल्मार गाडीने परत गेला. फलाटावर म्हणाला, "सिग्रिडबाई डहाळीपुढे आलेल्या दिसल्या होत्या मला. फोकसचं कडं मुद्दाम फिरवलं नाही. खरंच रडत होत्या रे त्या. इतक्या जवळून बघवेना."

त्रेचाळिसाव्या चित्रपटाला कॅमेऱ्यावर यल्मार. मी शेजारी उभा राहीन.