गेला की सोडून गेला

४ मार्च २००४
आज फाटलंच! दुधाची ऑर्डर चुकली एवढ्यावरून अब्बासभाईनं सगळ्या नोकरांसमोर मला नालायक म्हटलं. मीही सुनावलं — दुकान काय तुझ्या बापाचं आहे? (आमचा बाप एकच, हे नंतर सुचलं.) त्यानं चाव्या काउंटरवर आपटल्या. "सांभाळ तूच. मी उमऱ्याला चाललो." आणि गेला.

५ मार्च
खरंच उमऱ्याच्या यात्रेला, मक्केच्या बसमध्ये बसला. भाभी नि पोरं इथंच कतारात, मन्सूरा भागात. दुकानाचा मालक, आमचा कफील (आमचे व्हिसे त्याच्याच हातात), मला म्हणाला चाव्या तूच ठेव. दहा वर्षं भाईच्या हाताखाली राबलो — आज मॅनेजर! खोटं कशाला बोलू, बरं वाटलं.

८ मार्च
माझ्या जिक्राच्या शाळेत मणिपूरच्या राजाचं नाटक आहे. टीचर तिकडच्याच, मैतेई. जेवताना लेकीनं सगळी गोष्ट सांगितली. धाकट्या भावांनी महालावर हल्ला केला, तेव्हा राजा सूरचंद्र वृंदावनला जातो म्हणून निघाला. धाकटा कुलचंद्र गादीवर बसला. पुढे गेल्यावर राजा म्हणतो, मी गादी सोडलीच नव्हती, यात्रेला निघालो होतो! पण त्याला कोणी परत येऊ दिलं नाही.
"अब्बा, डिड ही रिझाइन ऑर नॉट?"
म्हटलं, गप जेव.

१० मार्च
दुकान अंगावर आलंय. सप्लायर दाद देत नाहीत, नोकर पाठीमागं हसतात. त्यात भाईचा मक्केहून फोन — "महमूद, रागात बोललो रे. चाव्या नीट ठेव, आलोच." जणू मी चौकीदार! हो म्हटलं. तेव्हापासून डोकं फिरलंय.

११ मार्च
कुलचंद्राचं पुढं काय झालं, मीच जिक्राला विचारलं. वर्षभरही टिकला नाही बिचारा. इंग्रज चालून आले, त्याला अंदमानला धाडलं. राज्य ना थोरल्याला, ना धाकट्याला.
ठरवलं. कफीलला खरं ते सांगणार — भाई उमऱ्यालाच गेलाय, परत येतोय, खुर्ची त्याची. इन्शाल्ला, उद्याच.

१३ मार्च
काल कफीलनंच विचारलं, भाऊ येणार की सोडून गेला? माझ्या तोंडून एकच अरबी शब्द निघाला — "खलास." म्हणजे संपलं, सोडून गेला. आज भाईचा व्हिसा रद्द झालासुद्धा.
आत्ता भाभीचा फोन. बस सलवाच्या नाक्यावर, कतारच्या हद्दीवर पोचलीय. म्हणाली, रात्री जेवायला घरीच आहेत ते, येताना पापलेट आण.